नमुन्याचा बांध

१

तपासणी सोमवारी होती आणि बांध रविवारी उजाडायच्या आतच फुटला.

सहकार खात्याच्या निरीक्षक विमलबाई शेडगे पेणच्या आपल्या घरी वाल निवडत बसल्या होत्या, तेव्हा साहेबांचा शिपाई दारात येऊन उभा राहिला. "बाई, खारघोळीला खांड गेली. साहेब म्हणतात, जाऊन या आणि अहवाल द्या. काम कच्चं होतं की कुणी मुद्दाम फोडलं, एवढंच लिहायचं."

खांड म्हणजे खाडीच्या बांधाला पडलेलं भगदाड, एवढं विमलबाईंना ठाऊक होतं. त्यापुढचं नव्हतं. त्यांचं माहेर गागोदे बुद्रुककडचं, डोंगरालगतचं, भात आणि वाल पिकवणारं. खाऱ्या पाण्याशी त्यांचा संबंध मिठाच्या बरणीपुरता. निवृत्ती पावसाळ्यानंतर होती, गुडघे मात्र आधीच निवृत्त होऊन बसले होते. रविवार असून त्यांनी चपला घातल्या, कारण नाही म्हणायलाही अंगात जोर लागतो.

प्रकरण त्यांच्याच टेबलावरचं होतं. खारघोळीच्या मिठागरात आणि बांधावर राबणाऱ्या माणसांनी स्वतःची मजूर सहकारी संस्था काढायचं ठरवलं होतं. अशी संस्था नोंदली गेली की बांधबंदिस्तीची लहान सरकारी कामं निविदेच्या भानगडीत न पडता थेट तिला मिळू शकतात, मधला ठेकेदार उरत नाही. तालुक्यात मजूर संस्थांना तोटा नव्हता. फक्त त्यांचे अध्यक्ष ठेकेदारांचे मेहुणे असत आणि सभासद ठेकेदारांच्या घरची गडीमाणसं. असल्या संस्था तपासण्यात विमलबाईंची नोकरी सरली होती. खारघोळीची संस्था पहिल्यांदाच खऱ्या मजुरांची निघाली होती, आणि इतक्या वर्षांनी एका कागदावर मनापासून सही करायला मिळेल म्हणून बाई मनातून खूश होत्या.

पण यंदा साहेबांनी नवी टूम काढली. आधी काम करून दाखवा, मग नोंदणी. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्याला काय, बोट दाखवलं की झालं. त्यांनी गावाच्या बांधाचा एक पडका तुकडा नमुना म्हणून नेमून दिला. तो पास झाला तर मार्चअखेर नोंदणी आणि उन्हाळ्याची कामं. नाही झाला तर वर्षभर पुन्हा ठेकेदाराच्या लॉरीत.

एसटीने आणि पुढे पायी विमलबाई पोचल्या तेव्हा उन्हं कलली होती. भरती आली होती. खांडीतून खाडीचं पाणी सावकाश आत शिरत होतं आणि सगळा गाव हात बांधून बघत उभा होता. साहेबांचा निरोप होता, बाई येईपर्यंत कशाला हात लावू नका.

संस्थेची अध्यक्ष सरूबाई पुढे आली. चाळिशीची, उन्हाने रापलेली, आवाज घोगरा. "बघा बाई, बघा. रातचा फोडला आमचा बांध. त्या ठेकेदार कान्हूशेठबिगर दुसरा कोण करंल?"

"कुणी पाहिलं का?"

"बघायला कशाला लागतो? आमी नोंदलो तर त्याची लॉरी रिकामी जायाची. आनि आता तुमी लवकर काय तो कागद करा. सध्या भांगाचं पाणी हाय, जोर नाय त्याला. पन उधाण येतंय. त्याच्याआधी खांड बुजली नाय तर अख्खी शेती खारट व्हईल."

विमलबाई बांधावरून जपून चालत खांडीच्या तोंडाशी गेल्या. बांध फावड्याने खणला होता, वरच्या कडेवर पात्याचे घाव स्पष्ट दिसत होते. म्हणजे कुणीतरी फोडला हे खरं. बाईंना, खरं सांगायचं तर, हायसं वाटलं. काम कच्चं नव्हतं, घातपात झाला, अहवाल चार ओळींत संपेल आणि उद्या पाय शेकत बसता येईल.

तेवढ्यात त्यांची नजर बांधाच्या गावाकडच्या अंगाला गेली. खणून काढलेल्या काळ्या चिखलाच्या ढेपा तिथे उंचवट्यावर, पाणी पोचणार नाही अशा बेताने, एकावर एक रचून ठेवल्या होत्या. वर ओला पेंढा अंथरला होता.

"ह्या ढेपा कुणी रचल्या? तुम्ही?"

"नाय बाई. सकाळी बघितल्या तवापासून अशाच हायेत."

"आणि पेंढा कशाला?"

"उन्हात चिखल तडकतो. तडकला का पुन्ना कामाचा ऱ्हात नाय," सरूबाई म्हणाली, आणि म्हणता म्हणता स्वतःच वळून त्या ढेपांकडे बघू लागली.

ज्याला बांध फोडायचा होता, त्याने बांधाचा चिखल जपून का ठेवावा?

२

विमलबाईंनी देवळाच्या ओट्यावर बैठक मारली आणि एकेकाला बोलावलं.

पहिला आला संस्थेचा सचिव काळुराम. गावात बारावीपर्यंत गेलेला तोच. दोन वर्षांपूर्वीपर्यंत तो कान्हूशेठचा मुकादम होता, मग भांडून सुटला आणि संस्थेत आला. गावातली निम्मी माणसं त्याच्याकडे अजून तिरक्या डोळ्यांनी बघत. खांड पहिल्यांदा दिसली तीही त्यालाच.

"उजाडल्यावर बांधावर फेरी मारायला गेलो," तो म्हणाला. "बघतो तर खांड. बोंब ठोकली. आमच्याकडे खांड गेली म्हणून हाक उठली की घरटी एक माणूस धावतो, हातातला घास टाकून. सगळा गाव आला."

"शेतात एवढं तांबडं पाणी कसलं आहे? खाडीचा चिखल तर काळा."

काळुरामने मान खाली घातली. "वरून थोडा मुरूम टाकलावता. तपासणीच्या दिवशी चालायला बरं."

"कान्हूशेठ भेटतो का अजून?"

"बाई, मी त्याची भाकरी खाल्लीय. वाटेत दिसला तर रामराम घालतो. एवढ्यावरून मला फासावर देऊ नका." विमलबाईंनी त्याला पाणी दिलं आणि घरी धाडला.

मग ठमाबाई. ही खेकडे-मासळी पकडून विकणारी म्हातारी, तोंडाची सणसणीत. पदराखाली टोपली घेऊनच आली.

"मना कशाला बोलावलं गो बाय? मी काय बांध फोडंन? मना फावडा उचलत नाय."

"सकाळी तुम्ही तिकडेच होता म्हणे."

"खांडीकडं नाय, उघाडीकडं. पार दुसऱ्या टोकाला." उघाडी म्हणजे शेतातलं पाणी खाडीत सोडायचं दार. त्याच्या लाकडी फळ्या उचलल्या की ओहोटीला आतलं पाणी बाहेर जातं. "पाणी भायेर चाललंवतं, म्हनून तोंडावर जाळं लावला. चांगली बोयटं घावली. टोपली भरली आनि मी निघालू, तवा काळुरामची बोंब ऐकू आली. ह्या घ्या दोन, घरी जाऊन तळा."

"उन्हाळ्यात शेतात पाणी आलं कुठून, असं नाही वाटलं?"

"ते इचारायला मी काय तलाठी हाय?" ठमाबाई म्हणाली आणि मासे तिथेच ठेवून निघून गेली. विमलबाईंनी त्या बोयटांकडे बघितलं. त्यांचं सगळं लक्ष वास पिशवीला लागेल की काय याकडे होतं.

शेवटी हिरामण आला. त्याला सगळे दाजी म्हणत. उघाडी सांभाळायचं काम त्याच्या घराण्याकडे होतं आणि बांधाच्या कामात त्याचा शब्द एके काळी शेवटचा असे. संस्थेच्या अर्जावर पहिला अंगठा त्याचा होता. ओट्यावर बसायला सांगितलं तरी तो पायरीवर बसला.

"मी झोपेत व्हतो. बोंब ऐकली आनि धावलो. आधी उघाडीवर गेलो, फळ्या उचलल्या, आतलं पाणी भायेर काढला. मंग खांडीवर गेलो."

"दाजी, तुमचा कुणावर संशय?"

"बांध लोकांच्या पापानं फुटतो, असं आमचा बापूस सांगं," तो म्हणाला. "मना दुसरा कायेक म्हाईत नाय."

मग तो पायरीवरून उठला आणि जाता जाता म्हणाला, "बाई, खांडीत उतरून बघितलासा का तुमी?"

"भरती आहे दाजी. उतरू कुठे?"

"मंग उद्या बघा. ओहोटीला."

३

सोमवारी सकाळी विमलबाई आधी रोह्याची एसटी धरून अष्टमीला गेल्या. कान्हूशेठचं ऑफिस तिथेच, कुंडलिकेच्या पुलाजवळ, बाजाराच्या तोंडाला होतं. बाहेर लॉरी उभी, आत गणपतीच्या तसबिरीला ताजा हार. शेठ जाडजूड, हसतमुख. त्याने चहा मागवला आणि बाईंनी नको म्हणायच्या आत बिस्किटंही आली.

"मीच फोडला म्हणून गाव बोंबलतोय ना?" तो म्हणाला. "बाई, तुम्ही डोंगराकडच्या, म्हणून सांगतो. परवा रात्री भांग होता. भरती कशी, तर बांधाच्या पायाला जेमतेम पाणी लागतं. वैरी असा मुहूर्त धरतो का? मला फोडायचा असता तर उधाणापर्यंत थांबलो असतो. एक घाव घातला की बाकीचं काम समुद्र करतो. अख्खा बांध गेला असता आणि फावड्याची खूणसुद्धा उरली नसती."

"तुमची माणसं घाईत असतील."

"माझी माणसं खणलेला चिखल रचून, झाकून ठेवतात? माझ्या कामावर त्यांनी कधी असलं केलं असतं तर त्याच दिवशी हजेरी कापली असती. वेळ जातो त्यात." म्हणजे ढेपांची बातमी इथवर आली होती. विमलबाईंना राग आला. हा माणूस दोषी असावा अशी त्यांची फार इच्छा होती आणि तो दोषी दिसत नव्हता.

"संस्था नोंदली गेली तर तुमचं नुकसानच आहे की."

कान्हूशेठ मोठ्याने हसला. "काय नुकसान? मी काहीच करायची गरज नव्हती. सुंठीवाचून खोकला जाणारच होता. ती सगळी माणसं वर्षानुवर्षं माझ्या हाताखाली राबलीत, बाई. काम माझ्याकडेच शिकलीत."

विमलबाईंना ही नुसती फुशारकी वाटली. त्या पायऱ्या उतरल्या, पुलावर आल्या. एसटी यायला वेळ होता. कुंडलिकेचं पाणी खालून समुद्राकडे निघालं होतं, ओहोटीचं. कठड्याला टेकून त्या ते पाणी बघत राहिल्या आणि एकदम ताठ झाल्या.

पाणी बाहेर चाललं होतं म्हणून जाळं लावलं, असं ठमाबाई म्हणाली. तिची टोपली भरली, मग बोंब उठली. आणि दाजी म्हणाला, बोंब ऐकली, मग फळ्या उचलल्या.

दोघांपैकी एक खोटं बोलत होतं, आणि बोयटं खोटं बोलत नाहीत.

४

खारघोळीला परत पोचल्या तेव्हा ऊन माथ्यावर होतं आणि खाडी दूर मागे गेली होती. विमलबाईंनी चपला हातात घेतल्या, साडी खोचली आणि गुडघ्यांना चार शिव्या देत खांडीत उतरल्या. गाव बांधावरून बघत होता. कुणी हात द्यायला पुढे आलं नाही, एकटा हिरामण आला.

काल वरून न दिसलेलं आज पाणी ओसरल्यावर उघडं पडलं होतं. बांधाच्या दोन्ही बाजू कापलेल्या भाकरीसारख्या समोर दिसत होत्या. बाहेरून हातभर काळा चिखल, छान चोपलेला, गुळगुळीत. आणि आत, पायापासून माथ्यापर्यंत, नुसता तांबडा मुरूम. विमलबाईंनी बोट घातलं तर भसाभस मुठीने बाहेर आला. भांगाच्या अशक्त पाण्याने एवढं मोठं भगदाड पडलं ते यामुळे. फावड्याने जेवढं खणलं होतं, त्याच्या दुप्पट मुरूम आपण होऊन वाहून गेला होता.

वरून चालायला टाकलेला मुरूम, म्हणे.

त्या वर आल्या आणि हिरामणला घेऊन उघाडीच्या बाजूला गेल्या. मंडळींना त्यांनी हाताने मागेच थांबवलं. फक्त सरूबाई ऐकेना, ती मागोमाग आली.

"दाजी, मी बोलते, चुकलं तर सांगा," विमलबाई म्हणाल्या. "ज्याने बांध फोडला त्याने भांगाची रात्र निवडली, कारण त्याला शेतं बुडवायची नव्हती. चिखल झाकून ठेवला, कारण त्याच चिखलाने पुन्हा बांधायचं होतं. आणि पहाटे ओहोटी लागताच, गाव उठायच्या आधी, त्याने उघाडी उघडून आत आलेलं पाणी बाहेर काढून दिलं. म्हणून ठमाबाईला मासे मिळाले. उघाडीला हात लावणारा माणूस गावात एकच आहे. कुंपणानेच शेत खाल्लं म्हणतात, तसं दिसतंय. पण खाल्लं नाही तुम्ही. का फोडलात?"

हिरामणने नाकारलं नाही. उलट कुणीतरी विचारलं याचंच त्याला हायसं वाटलं असावं.

"चिखलाचा एक थर घालायचा, वाळू द्यायचा, मंग दुसरा. असा बांध व्हतो," तो म्हणाला. "तेवढा टायम नव्हता. मार्च आला, तपासणी आली. मंग काळुरामनं मुरूम आनला नि वरून चिखल फासला. मी सांगितला, हा पावसाळ्यातलं उधाण काढनार नाय. लावनी झालेली आसंल आनि बांध जाईल. मना बोलले, दाजी, तपासणी होऊं दे, मंग बघू."

"मला का नाही सांगितलंत? तपासणीला मीच तर येणार होते."

"तुमाला सांगून गावाचा कागद मी फाडू? आनि नाय सांगावा, तर वरून बघून तुमी पास केलाच असता. एकदा पास झाल्यावर पुन्ना कोन उकरतोय? मना वाटला, खांड पडंल, गाव आतला मुरूम बघंल, त्याला लाज वाटंल, आनि पुन्ना नीट बांधंल." त्याने सरूबाईकडे पाहिलं. "गाव कान्हूशेठच्या नावानं बोंबलत बसला."

विमलबाईही सरूबाईकडे वळल्या. "तुला माहीत होतं, सरू?"

सरूबाईचं तोंड उतरलं होतं. पण ती खोटं बोलली नाही. "मीच टोपल्या वायल्यात त्या मुरमाच्या. सगल्यांनीच. मस्टरवर असताना शेठकडं असाच बांध करतात, बाई. आत मुरूम, वरून चिखल. पास व्हतो, बिल निगतं, दोन वर्सांनी फुटतो, पुन्ना काम निगतं. आमाला दुसरा हात बसलाच नाय. आपल्या सोताच्या शेताचा बांध हाय, हे ध्यानातच आलं नाय आमच्या."

काम माझ्याकडेच शिकलीत, असं कान्हूशेठ म्हणाला होता. विमलबाईंना आता कळलं की ती फुशारकी नव्हती. माणूस खरं बोलला होता, आणि म्हणूनच तो हसत होता.

५

तिघंही उघाडीच्या दगडी कठड्यावर बसली. विमलबाईंना विलक्षण थकवा आला. चोर सापडला की हलकं वाटतं म्हणतात, त्यांना उलट वाटत होतं.

"आता ऐक," त्या सरूबाईला म्हणाल्या. "मी दोन तऱ्हेने लिहू शकते. अज्ञात इसमाने बांध फोडला, असं लिहिलं तर तेही खोटं नाही. फावड्याच्या खुणा आहेत. साहेबांना दया येईल, सगळे कान्हूशेठकडे बोट दाखवतील, तुमची नोंदणी होईल. खांड बुजवून टाका, मुरूम कुणाला दिसणार नाही. दुसरं म्हणजे जे आहे ते लिहायचं. मग यंदा नोंदणी नाही. साहेबांना मी ओळखते, ते एक दिवसही सवलत देणार नाहीत."

"आनि दाजी?"

"दाजींचं नाव आलं तर पोलिस येतील. गाव काय करेल ते तुला माहीत."

गाव लांबून बघत होता. काळुराम सगळ्यांच्या पुढे उभा होता. सरूबाई त्या माणसांकडे एकेक करून बघत राहिली. प्रत्येकाने भाग भांडवलाला पैसे दिले होते, कुणी कोंबड्या विकून, कुणी उसने काढून. उद्या लॉरी येईल, कान्हूशेठ काही न बोलता नुसता हसेल, आणि त्यांना त्या हसण्याखालून लॉरीत चढावं लागेल. विमलबाईंना तिच्या मनातलं सगळं दिसत होतं, आणि खरं सांगायचं तर तिने पहिला मार्ग घ्यावा असं त्यांनाही वाटत होतं. या एका संस्थेसाठी त्यांनी डोळेझाक केली असती.

सरूबाई उठली. तिने पदर कमरेला खोचला आणि गावाकडे तोंड करून खणखणीत हाक दिली.

"ऐका रे! खांड कान्हूशेठनं नाय पाडली. संस्थेनं पाडली. अध्यक्ष म्हनून मी दाजीला सांगितला, बांध उघडून दाव म्हनून. आत काय हाय ते ज्याला बघायचा हाय त्यानं खाली उतरून बघा. आनि मंग फावडी आना, उधाण यायच्या आत आख्खा मुरूम भायेर काढायचा हाय!"

गावात गलका झाला. कुणीतरी शिवी हासडली, एक बाई रडायलाच लागली. काळुराम जागचा हलला नाही. मग तोच पहिला खाली उतरला, खांडीत गेला आणि हाताने मुरूम उपसू लागला. हळूहळू बाकीचे उतरले. हिरामण मात्र बसल्या जागी डोळे पुसत होता. बांध उघड म्हणून त्याला कुणीच सांगितलं नव्हतं आणि कुणी वाचवेल असंही त्याला वाटलं नव्हतं.

"लिवा बाई," सरूबाई वळून म्हणाली. "काम आमचं खोटं व्हतं, ते संस्थेनंच उघडून बघितलं. असं लिवा."

विमलबाईंनी मांडीवर कागद ठेवून तसंच लिहिलं. सही करून त्यांनी कागदाची घडी घातली आणि चपला शोधू लागल्या. शेवटची एसटी चुकवून चालणार नव्हती.

सरूबाई त्यांना बांधाच्या टोकापर्यंत पोचवायला आली. हात कोपरापर्यंत तांबडे झाले होते.

"पुढल्या वर्सी आमी पुन्ना अर्ज करनार. तुमीच येशाल ना तपासायला?"

"नाही गो. मी रिटायर होतेय. दुसरं कुणीतरी येईल. ते वरवर बघतील, चहा घेतील आणि जातील."

"नाय जानार," सरूबाई म्हणाली. "आला का पयला त्याच्या हातात फावडा दिऊ. सांगू, साहेब, तुमाला पायजे तिथं खना."